मनाई हुकूम हातात आहे, पण शेतात उभं राहता येत नाही : पोलीस संरक्षणाचा अर्ज नेमका कसा करायचा?

कादवाकाठ | सकाळी ८.४०
निफाड, दिंडोरी, चांदवड भागात हा प्रश्न वारंवार कानावर येतो, म्हणून धागा काढतोय. नमुना असा : कनिष्ठ स्तर न्यायालयात शेतजमिनीच्या मनाईचा दावा, निशाणी ५ वर (म्हणजे दावा चालू असेपर्यंतच्या मनाईच्या अर्जावर) हुकूम झालेला. वादी हुकमाची नक्कल घेऊन शेतात जातो, तर समोरचे ट्रॅक्टर आडवा लावतात, मोटारीची वायर तोडतात. ठाण्यात गेलं की अदखलपात्र नोंद होते आणि उत्तर मिळतं, "दिवाणी वाद आहे, कोर्टातून बंदोबस्ताचा आदेश आणा." तिकडे उन्हाळ कांद्याचं रोप टाकून पन्नास दिवस होत आलेले. रोप जून झालं की डेंगळे (फुलांचे दांडे) निघतात, मग कोर्टाचा हुकूम घेऊन करायचं काय?
विचारायचं ते हे : अर्ज कोणत्या कलमाखाली करायचा, त्यात काय मागायचं, पोलिसांची फी कोण भरतं आणि संरक्षण किती दिवसांचं मिळतं? ज्यांनी हे कागद हाताळलेत त्यांनी सविस्तर लिहावं.

निशाणी_पाच | सकाळी ९.१५
दोन गोष्टी वेगळ्या ठेवा. हुकूम मोडल्याबद्दल शिक्षा हवी तर दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश ३९ नियम २अ. त्यात मालमत्तेची जप्ती आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद आहे. हुकूम प्रत्यक्ष शेतात पाळला जावा असं हवं तर कलम १५१ खाली पोलीस मदतीचा अर्ज, त्याच दाव्यात. दोन्ही अर्ज एकाच दिवशी दिले तरी चालतील, पण वेगवेगळे द्या. २अ मध्ये भंग पुराव्याने शाबीत करावा लागतो, साक्षी होतात, त्याला वेळ जातो. दोन्ही मागण्या एकाच अर्जात कोंबल्या तर तातडीची मागणीही त्या साक्षींच्या मागे रांगेत उभी राहते.

काळीमाती | सकाळी १०.०५
अर्ज फेटाळला जातो किंवा मंजूर होऊनही निरुपयोगी ठरतो, त्याचं मुख्य कारण कलम चुकणं हे नसतं. मिळकतीचं वर्णन चुकलेलं असतं.
दाव्यात लिहिलेलं असतं "गट नं. अमुक पैकी ० हेक्टर ६० आर". आता हवालदार तो आदेश घेऊन बांधावर उभा राहिला असं डोळ्यासमोर आणा. समोर सलग अडीच हेक्टरचा गट, मध्ये बांध नाही की दगड नाही. वादी म्हणतो रस्त्याकडचे ६० आर माझे, प्रतिवादी म्हणतो ओहोळाकडचे तुझे. दोघांच्या हातात त्याच गटाचा सातबारा आणि दोघांचीही नावं त्यावर. पोलिसाने कोणाला बाजूला काढायचं? त्या एका "पैकी"त सगळा आदेश वाहून जातो आणि पोलीस पुन्हा लिहितात, "सदर बाब दिवाणी स्वरूपाची असून न्यायालयाकडून स्पष्टीकरण घ्यावे." त्यात त्यांचा काही दोष नाही.
म्हणून संहितेच्या आदेश ७ नियम ३ प्रमाणे चतुःसीमा द्या, आणि दिशेला फक्त शेजाऱ्याचं नाव लिहून थांबू नका. पूर्वेस शिवरस्ता, पश्चिमेस गट नं. अमुकचा बांध व त्यावरची दोन बाभळीची झाडं, दक्षिणेस ओहोळ, उत्तरेस त्याच गटातला प्रतिवादीचा द्राक्षबाग, अशा नजरेला दिसणाऱ्या खुणा हव्यात. सोबत हाताने काढलेला का होईना, रंग भरलेला नकाशा जोडा आणि तो हुकमाचा भाग करावा अशी विनंती अर्जातच करा. दाव्यात आधी वर्णन मोघम दिलं असेल तर पहिल्यांदा आदेश ६ नियम १७ खाली दुरुस्ती करून घ्या, पोलीस संरक्षण त्यानंतर मागा.

द्राक्षपंढरी | सकाळी १०.२०
चतुःसीमेत विहीर विसरू नका! विहीर शेजारच्या गटात, सामाईक, सातबाऱ्यावर इतर हक्कात नोंद. मनाई हुकूम फक्त जमिनीपुरता. समोरचा जमिनीत पाय ठेवत नाही, विहिरीवर मोटार बंद करतो. पोलिसांना तिथे काहीच करता येत नाही, कारण हुकमात पाण्याची पाळी, पाइपलाइन आणि वीजजोडणी यांचा शब्दही नाही. ऑक्टोबर छाटणीनंतर बागेचं पाणी तोडलं तर हंगामच गेला, मग जमीन ताब्यात असून उपयोग काय?

बांधावरून | सकाळी १०.५०
थोडं विरुद्ध बाजूचं मांडतो. पोलीस संरक्षण इतक्या सहज मिळावं असं मला वाटत नाही, आणि न्यायालयंही त्यात हात आखडता घेतात ते बरोबर आहे. एकतर्फी तूर्तातूर्त ताकीद (तात्पुरता मनाई हुकूम) मिळवायची, प्रतिवादीचा 'से' (लेखी म्हणणं) यायच्या आत पोलीस घेऊन शेतात शिरायचं आणि मग "कब्जा आमचाच" म्हणून फोटो जोडायचे, असे प्रकार होतात. मनाई हुकूम असलेला कब्जा राखण्यासाठी असतो. नसलेला कब्जा मिळवण्यासाठी तो वापरला की कायदाच उलटा होतो.
सर्वोच्च न्यायालयाने रामे गौडा विरुद्ध वरदप्पा नायडू (२००३) मध्ये हेच सांगितलं की स्थिर, शांत कब्जा असलेल्याला खरा मालकसुद्धा बळाने काढू शकत नाही, त्याने कायद्याच्या मार्गानेच जावं. तेव्हा मालकीचा कागद भक्कम असेल, पण दहा वर्षं दुसराच पेरत असेल, तर मनाईचा दावा आणि पोलीस दोन्ही विसरा. मालकी जाहीर करून कब्जा परत मागण्याचा दावा लावा.

निशाणी_पाच | सकाळी ११.०५
@बांधावरून, पूर्ण सहमत. त्यातच भर : एकतर्फी ताकीद मिळाली तर आदेश ३९ नियम ३ प्रमाणे अर्ज, प्रतिज्ञापत्र, दावा आणि कागद त्याच दिवशी किंवा दुसऱ्या दिवशी प्रतिवादीला पाठवून तसं प्रतिज्ञापत्र दाखल करावं लागतं. ते राहिलं तर नियम ४ खाली ताकीद उठवायला समोरच्याला आयतं कारण मिळतं. नियम ३अ प्रमाणे तीस दिवसांत निशाणी ५ चा निकाल लागावा अशी अपेक्षा आहे. दोन्ही बाजू ऐकून कायम झालेल्या ताकिदीवर संरक्षण मागणं केव्हाही मजबूत.

ठाणे_डायरी | दुपारी १२.१०
ठाण्याच्या बाजूने काय होतं ते लिहितो, म्हणजे कुठे अडतं ते कळेल.
संकेतस्थळावरून छापलेला हुकूम आणला तर बंदोबस्त लागत नाही. प्रमाणित नक्कल लागते, आणि त्याहून चांगलं म्हणजे न्यायालयाचं पत्र थेट ठाण्याच्या नावाने. टपालाने गेलं तर दिवस जातात, म्हणून अर्जातच हातदस्त बजावणीची, म्हणजे पत्र स्वतः नेऊन देण्याची, परवानगी मागा. पत्र ठाण्यात दिलं की आवक क्रमांक घ्या, एक प्रत उपविभागीय पोलीस अधिकाऱ्यांना आणि एक अधीक्षक कार्यालयाला द्या.
हद्द नीट पाहा. ओझर, पिंपळगाव, वणी, सिन्नर हे नाशिक ग्रामीण. पण आडगाव, म्हसरूळ शहर आयुक्तालयात येतात, आणि तिकडे अजून भरपूर शेती आहे. आदेश ग्रामीण अधीक्षकांच्या नावाने आणि जमीन आयुक्तालयात, असं झालं की पत्र फक्त फिरत राहतं.
फी : खासगी व्यक्तीच्या विनंतीवरून जादा पोलीस दिले तर खर्च अर्जदाराचा, ही तरतूद महाराष्ट्र पोलीस अधिनियम १९५१ मध्ये आहे. आकारणी हुद्दा, संख्या आणि वेळ यांवर होते, चलनाने भरायची. न्यायालयाच्या आदेशात खर्च कोणी द्यायचा ते लिहिलेलं नसेल तर त्या एका मुद्द्यावर पत्रव्यवहार सुरू होतो. "खर्च तूर्त वादीने भरावा, अंतिम निकालात तो खर्चात धरावा" एवढं वाक्य आदेशात असलं की गाडी पुढे सरकते.
समोरून बायकांना पुढे करण्याची शक्यता असेल तर महिला पोलीस स्पष्ट मागा, नाहीतर त्या दिवशी बंदोबस्त असूनही काम होत नाही.
आणि तारीख! गणेशोत्सव, नवरात्र व चैत्रातली सप्तशृंग गडाची यात्रा, श्रावणी सोमवारची ब्रह्मगिरी फेरी, पौषातली त्र्यंबकेश्वरची निवृत्तिनाथ यात्रा, निवडणुका, या काळात माणसं मिळत नाहीत. पौषातली यात्रा आणि कांदा लागवड एकाच वेळी येतात हे लक्षात ठेवा. २०२७ च्या सिंहस्थात तर आधीपासूनच ताण असणार. आदेशात एकच तारीख न घालता "अमुक ते अमुक या दरम्यान, वादीने चार दिवस आधी कळवल्यावर" असा पट्टा मागा.

गिरणामोसम | दुपारी १२.४०
कलम १५१ वगैरे न करता थेट उच्च न्यायालयात रिट करून पोलीस संरक्षण मागता येतं ना? मालेगाव भागात असं सांगणारे बरेच भेटतात.

निशाणी_पाच | दुपारी १२.५५
@गिरणामोसम, कब्जाच वादात असेल तर नाही. मुरलीधरन विरुद्ध स्वामी धर्मानंद तीर्थपादर (२००६) या निकालात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलंय की वादग्रस्त दिवाणी हक्क रिटमधून पोलीस लावून बजावून घेता येत नाहीत, आधी दिवाणी न्यायालयात हक्क ठरवून घ्या. रिटचा खर्च आणि वेळ वाया जातो, वर खालच्या दाव्यात ते फेटाळल्याची प्रत समोरचा दाखल करतो ते वेगळंच.

शंकूसाखळी | दुपारी १.३०
मोजणीबद्दल लिहिल्याशिवाय राहवत नाही, कारण निम्मे वाद बांधाचे असतात आणि कब्ज्याचे म्हणून लढवले जातात.
समोरच्याने चार फूट बांध कोरलाय असं म्हणणं असेल तर आधी हद्द कायम मोजणी. भूमी अभिलेख उपअधीक्षकांकडे ई-मोजणीतून अर्ज, लगतच्या सगळ्या कब्जेदारांची नावं आणि पत्ते बरोबर. एका लगतदाराला नोटीस मिळाली नाही तरी मोजणी वादात पडते. मोजणीनंतर 'क' प्रत (मोजणीच्या नकाशाची नक्कल) घ्या, तीत अतिक्रमणाचं क्षेत्र तुटक रेषेने दाखवलेलं असतं. मान्य नसेल तर निमताना मोजणी (वरिष्ठांकडून फेरमोजणी). मोजणीलाच अडवत असतील तर मोजणीपुरता बंदोबस्त वेगळा मागता येतो.
नाशिक जिल्ह्यात आणखी एक गुंता. एकत्रीकरण योजनेत सर्व्हे नंबरांचे गट झाले. खरेदीखत १९६० च्या आसपासचं, त्यात सर्व्हे नंबर, आणि दाव्यात गट नंबर. मधला दुवा दाखवायला एकत्रीकरणाचा ९(३) ९(४) चा उतारा लागतो. तो नसला तर खरेदीखतातली जमीन आणि दाव्यातली जमीन एकच, हेच सिद्ध होत नाही.
पण मोजणीचा नकाशा हद्द सांगतो, कब्जा कोणाचा ते ठरवत नाही. आदेश २६ नियम ९ खाली कोर्ट कमिशनर (जागा पाहून अहवाल देणारा न्यायालयाचा माणूस) मागतानाही "कब्जा कोणाचा ते पाहून यावे" असं मागू नका, पक्षासाठी पुरावा गोळा करायला कमिशनर नेमत नाहीत. हद्द, अतिक्रमणाचं क्षेत्र, जागेवर काय उभं आहे, एवढंच मागा.

मळईची_वाट | दुपारी २.०५
शेतरस्ता अडवला असेल तर एवढा खटाटोप करायची गरज नाही. मामलेदार न्यायालय अधिनियम १९०६ कलम ५ खाली तहसीलदारांकडे जा, अडथळ्यापासून सहा महिन्यांच्या आत. वहिवाटीचा रस्ता अडवला तर हा मार्ग. रस्ताच नाही आणि बांधावरून नवा हवा असेल तर जमीन महसूल संहिता कलम १४३. या दोन अर्जांची सरमिसळ केली की अर्ज निघून जातो. तहसीलदारांच्या आदेशाच्या अंमलबजावणीलाही मंडळ अधिकाऱ्यासोबत पोलीस मागता येतात.

काळीमाती | दुपारी २.३०
@मळईची_वाट, बरोबर, आणि कब्जा नुकताच हिसकावला असेल तर विशिष्ट साहाय्य अधिनियमाचं कलम ६ पण आहे. तिथेही सहा महिनेच. मालकी न पाहता कब्जा परत मिळतो. सहा महिने भावकीच्या बैठकीत घालवले की हे दोन्ही दरवाजे बंद.

पिंपळपार | दुपारी ३.१५
भाऊबंदकीच्या वादात एक गोष्ट कोणी सांगत नाही. वाटप झालेलं नसेल तर एका सहहिस्सेदाराचा कब्जा हा सगळ्यांचा कब्जा धरला जातो, म्हणून चुलत्याविरुद्ध सरसकट मनाई मिळणं अवघड. आणि अशा सामाईक गटातला हिस्सा कोणी तिऱ्हाइताने विकत घेतला तर त्याला ठरावीक तुकडा पोलीस घेऊन ताब्यात घेता येत नाही. त्याचा हक्क वाटपाचा. वाटपाचा हुकूमनामा झाला तरी शेतसारा देणाऱ्या जमिनीचं प्रत्यक्ष वाटप दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ५४ प्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांमार्फत, म्हणजे तहसील आणि भूमी अभिलेख यांच्याकडून होतं.

नाझरखाना | दुपारी ४.००
आतापर्यंत चर्चा दावा चालू असतानाची झाली. हुकूमनामा (दाव्याचा अंतिम निकाल) झाल्यावरचं वेगळं आहे.
कब्ज्याचा हुकूमनामा असेल तर आदेश २१ नियम ३५ ची दरखास्त (अंमलबजावणीचा अर्ज), मुदत बारा वर्षं. कायम मनाईच्या हुकूमनाम्याला अंमलबजावणीची मुदत नाही, तो मोडला तर नियम ३२. त्या नियमाच्या पोटनियम ५ ला २००२ मध्ये स्पष्टीकरण जोडलं गेलं, त्यामुळे मनाईच्या हुकमातही न्यायालय प्रत्यक्ष कृती करून घेऊ शकतं, त्याचा खर्च हुकूम मोडणाऱ्यावर.
राहुल शहा विरुद्ध जिनेंद्रकुमार गांधी (२०२१) मध्ये सर्वोच्च न्यायालयाने दरखास्त सहा महिन्यांत निकाली काढायला सांगितलंय, आणि पोलिसांशिवाय अंमलबजावणी शक्य नसेल तिथे संबंधित ठाण्याला मदतीचे निर्देश द्यावेत असंही म्हटलंय. हा परिच्छेद अर्जात घाला.
बेलिफाचं (न्यायालयाच्या बजावणी कर्मचाऱ्याचं) वॉरंट घेताना परतीची तारीख पाहा. ती उलटली की वॉरंट मेलं, नवीन काढा. बंदोबस्ताची तारीख आणि वॉरंटची तारीख जुळली नाही म्हणून परत आलेली वॉरंटं फार असतात. पंच दोन, दोन्ही बाजूंच्या भावकीतले नकोत. जेसीबी नेणार असाल, गेट किंवा कुंपण काढायचं असेल, तर तसं वॉरंटमध्ये लिहून घ्या, नसेल तर बेलीफ हात लावणार नाही. पंचनाम्यात आणि कब्जा पावतीत क्षेत्र, खुणा, झाडं, विहीर, मोटार, ठिबक, उभं पीक, सगळं नोंदवा. उभ्या पिकाचं काय करायचं हा आदेश आधीच न्यायालयाकडून घेऊन ठेवा, बांधावर तो वाद काढू नका.
कोणी आडवं आलं तर बेलीफ तसा अहवाल देतो आणि नियम ९७ चा अर्ज करावा लागतो. त्याची मुदत फक्त तीस दिवस, ती चुकवू नका. आडवा येणारा तिहाईत स्वतःचा हक्क सांगत असेल तर त्याची चौकशी त्याच दरखास्तीत होते.

बांधावरून | दुपारी ४.४०
आणि दोन्ही बाजूंनी पुरावा नीट ठेवा. ई-पीक पाहणी दर हंगामाला स्वतः करा, २०२१ पासून ती मोबाइलवर आहे, फोटो आणि जागेची नोंद त्यात येते. एका हंगामाची चुकली तर पुढच्या दाव्यात त्या रिकाम्या रकान्यावरच उलटतपास होतो. हुकूम मोडल्याचं चित्रीकरण दाखल करताना भारतीय साक्ष्य अधिनियम कलम ६३ चं प्रमाणपत्र जोडा, भाग अ तुमचा, भाग ब तज्ज्ञाचा. मोबाइल बदलू नका, मूळ फाइल तशीच ठेवा.

कादवाकाठ | संध्याकाळी ६.२०
सगळ्यांचे मनापासून आभार. ज्या हुकमावरून हा प्रश्न काढला, तो आता शब्दन् शब्द वाचला. त्यात लिहिलंय : "उभय पक्षांनी दावा मिळकतीबाबत पुढील तारखेपर्यंत जैसे थे परिस्थिती ठेवावी." निशाणी ५ वर अंतिम आदेश अजून नाही. यावर संरक्षण मागता येईल का?

काळीमाती | संध्याकाळी ६.४५
हे पहिल्याच प्रतिसादात समोर यायला हवं होतं, कारण यामुळे उत्तर बदलतं. "जैसे थे" म्हणजे काय तसं, हेच त्या ओळीत नाही. वादी म्हणतो मी पेरत होतो ते जैसे थे, प्रतिवादी म्हणतो मी पेरत होतो ते. पोलिसाने कोणाची बाजू राखायची? कब्ज्याबद्दल प्रथमदर्शनी निष्कर्ष नसलेल्या आदेशावर न्यायालय पोलीस देणार नाही, आणि दिलेच तर ते दोघांनाही शेताबाहेर ठेवतील. असा वाद चिघळला तर कार्यकारी दंडाधिकारी भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १६४ आणि १६५ खाली जमीनच जप्त करू शकतात, मग रोप कोणाचंच लागत नाही.
तेव्हा पहिला अर्ज स्पष्टीकरणाचा आणि निशाणी ५ लवकर ऐकण्याचा. कारण म्हणून रोपाचं वय लिहा. रोपवाटिकेचा तारखेसह फोटो आणि बियाण्याची पावती जोडा. सोबत आदेश ३९ नियम ७ खाली जागेची पाहणी मागा.

नाझरखाना | संध्याकाळी ७.१०
आणि पर्यायी मागणी : निकाल लागेपर्यंत वादीला लागवड करू द्यावी, मशागतीचा हिशोब ठेवावा, कांदा लासलगाव किंवा पिंपळगाव बाजार समितीत विकून हिशोबपट्टी दाखल करावी, खर्च वजा जाता रक्कम न्यायालयात भरावी. प्रतिवादीलाही यात नुकसान नाही, म्हणून न्यायालयाला ती पटण्याची शक्यता जास्त. तेही नको असेल तर आदेश ४० खाली रिसीव्हर, म्हणजे मिळकत सांभाळायला न्यायालयाने नेमलेला माणूस. एवढं झालं की त्या मर्यादित परवानगीसाठी पोलीस मागायला आधार मिळतो.

निशाणी_पाच | संध्याकाळी ७.३०
प्रार्थनेचा (अर्जातल्या मागणीचा) मसुदा देतो, गरजेप्रमाणे बदला :
"सबब विनंती की, दावा अर्जातील परिच्छेद १ मध्ये व सोबतच्या नकाशात अ-ब-क-ड अक्षरांनी दाखविलेल्या ० हेक्टर ६० आर क्षेत्रात, मे. न्यायालयाचे दिनांक ____ चे आदेशानुसार वादीस कांदा लागवड करणेकामी, दिनांक ____ ते ____ दरम्यान सकाळी ८ ते सायंकाळी ५ या वेळेत, ____ पोलीस ठाणे यांनी महिला पोलिसांसह आवश्यक बंदोबस्त पुरविणेबाबत आदेश व्हावा. त्याचा खर्च तूर्त वादीने भरावा. आदेशाची बजावणी हातदस्त करणेस परवानगी मिळावी. व पोलीस ठाण्याने केलेल्या कारवाईचा अहवाल पुढील तारखेपूर्वी सादर करावा."
शेवटचं अहवालाचं वाक्य वगळू नका. त्यामुळे ठाण्यालाही तारीख बांधली जाते, आणि पुढे २अ चा अर्ज लढवताना तोच अहवाल कामाला येतो.

कादवाकाठ | संध्याकाळी ७.५०
मसुदा उतरवून घेतला. उद्या सकाळी वकिलांकडे स्पष्टीकरणाचा अर्ज आणि पर्यायी मागणी दोन्ही देतोय. नकाशासाठी गटाचा टिपण उतारा भूमी अभिलेखमधून मिळेल ना, की 'क' प्रतीचीच वाट पाहावी लागेल?

शंकूसाखळी | रात्री ८.०५
वाट पाहू नका. टिपण, गुणाकार बुक आणि फाळणी बारा या जुन्या मोजणी कागदांच्या नकला अर्ज करून मिळतात. त्यावरून नकाशा काढा, मोजणीचा अर्ज त्याच दिवशी वेगळा भरा आणि त्याची पोच नकाशाला टाचा.